घोड्याच्या घरातलं प्यादं

मी मंचरला एका दवाखान्यात एक्स-रे काढते. पेशंटला ‘श्वास रोखा’ म्हणते आणि दोन पेशंटांच्या मधल्या वेळात मोबाइलवर एका ग्रँडमास्टरचे डाव बघते. तो कुठेही खेळत असो, पुढच्या फेरीत त्याची गाठ कुणाशी आहे हे मला त्याच्या आईच्या आधी कळत असेल. नवरा म्हणतो, एवढं लक्ष माझ्या बीपीकडे दिलं असतंस तर! मीही हसते, पण हा छंद नव्हे. तो माणूस माझ्या मानगुटीवर बसलाय आणि त्याला त्याचा पत्ताच नाही.

मला बुद्धिबळ आईने शिकवलं. तिचं माहेर घाटघर. तिथे पावसाचे चार महिने घराबाहेर पडायची सोय नसते, त्यामुळे बायामाणसंही पट मांडून बसायची. लग्न होऊन कळंबला आली तेव्हा भांड्यांबरोबर पट आणणारी सून म्हणून तिची बरीच थट्टा झाली म्हणे. शेतातून आली की हातपाय धुऊन ती मला समोर बसवायची. तिचे नियम जुने. प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर सरकायचं, आणि पलीकडे पोचलं की ज्या घरात पोचेल त्या घराचं मोहरं व्हायचं. हत्तीच्या घरात गेलं तर हत्ती, घोड्याच्या घरात गेलं तर घोडा. शाळेत खेळायला लागले तेव्हा प्याद्याची पहिली दोन घरं मला कळली, कारण ती पहिल्याच चालीला दिसतात. शेवटच्या घराचं मात्र कुणी सांगितलंच नाही. आमच्या शाळकरी डावांत प्यादं पोचेपर्यंत कुणीतरी रडून उठलेलं असायचं.

मी आठवीत असताना जुन्नरला स्पर्धा होती. पहिल्या दोघांची पुढे निवड होणार होती, आणि निवड झाली तर दर रविवारी पुण्याला क्लास लावायचं वडिलांनी कबूल केलं होतं. शेवटच्या फेरीत माझ्यासमोर नऊ वर्षांचा एक मुलगा आला. खुर्चीवर बसल्यावर त्याचे पाय जमिनीला टेकत नव्हते. मी त्याला पार घामाघूम केलं. शेवटी दोघांचं एकेक प्यादं उरलं आणि माझं आधी पोचलं, घोड्याच्या घरात. मी ऐटीत घोडा ठेवला.

त्याने घोड्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. ‘नक्की?’ त्याने हळूच विचारलं. मला वाटलं, घाबरलाय पठ्ठ्या. मी चाल पक्की करत घड्याळ दाबलं. दोन चालींनी त्याचं प्यादं हत्तीच्या घरात पोचलं आणि त्याने तिथे सरळ वजीर ठेवला. मी तावातावाने पंचांना बोलावलं. प्यादं कुठल्याही घरात पोचलं तरी त्याचा वजीर करता येतो, हा नियम पंचांनी मला समजावून सांगितला, अगदी मायेने. शेजारच्या टेबलावरची पोरं फिस्सकन हसली.

घरी आईने विचारलं तेव्हा ‘हरले’ एवढंच बोलले. दुसरं काय सांगणार होते? तू शिकवलंस म्हणून हरले? त्या भरल्या घरात आईचं स्वतःचं म्हणावं असं एवढंच होतं, आणि ते तिने मला दिलं होतं. म्हणून मी तिच्याशी खेळणंच बंद केलं. अभ्यास आहे, डोकं दुखतंय, उद्या बघू. खेळले असते तर कधी ना कधी एखादं प्यादं पलीकडे पोचलं असतं आणि तिने माझा चेहरा वाचला असता. महिनाभराने तिने विचारणं सोडून दिलं.

तो मुलगा मात्र थांबला नाही. ग्रँडमास्टर व्हायला तीन नॉर्म लागतात, म्हणजे तीन मोठ्या स्पर्धांत ठरावीक गुण मिळवावे लागतात. त्याला पहिला मिळाला त्या दिवशी मी एका पेशंटच्या डाव्याऐवजी उजव्या हाताचा फोटो काढून बसले. तिसरा नॉर्म दोनदा अर्ध्या गुणाने हुकला तेव्हा मी डबा न उघडताच घरी परत आणला. मग तोही मिळाला, रेटिंग अडीच हजारांवर गेलं, पेपरात फोटो आला. डोळे तेच होते. अजूनही एक्स-रेचं बटण दाबताना मागून कुणीतरी ‘नक्की?’ म्हणतं. मी वळून बघत नाही, कारण मागे कुणी नसतं हे मला माहीत आहे.

गेल्या दिवाळीला मी कळंबला गेले होते. पेपरातला फोटो पाहून, याच्याशी मी लहानपणी खेळलेय, एवढं मी एकदा बोलून गेले होते; तेव्हापासून ‘माझ्या लेकीसंगं खेळलेला ह्यो’ असं आई अख्ख्या आळीला सांगते, म्हणून मी तिला मोबाइलवर त्याची मुलाखत लावून दिली. विसरता न येणारा डाव कोणता, असं त्याला विचारलं. तो म्हणाला, “लहानपणचा, जुन्नरचा. एका ताईचं प्यादं आधी पोचलं. ती जिंकलीच होती, पण तिने वजिराऐवजी घोडा घेतला. तिला नियमच माहीत नव्हता. त्या डावाने माझी निवड झाली. तो डाव मला अजून टोचतो.”

मी मोबाइल ओढून घ्यायला हात पुढे केला, पण उशीर झाला होता. आई हसत होती.

“घोड्याच्या घरात घोडाच व्हतो की! येवढा मोठा झाला आन् त्याला येवढं ठावं न्हाई?”

मी हसले नाही. तिने माझ्याकडे पाहिलं आणि तिचं हसू गेलं.

“त्यांच्यात वजीर घेत्यात व्हय? कुठल्या बी घरात?”

“हो.”

ती पदराचं टोक बोटाला गुंडाळू लागली.

“म्हंजी मीच हरवलं तुला.”

“नाही गं आई. तुला वाईट वाटेल म्हणून मी खेळायचं टाळलं.”

“आन् मला वाटलं, पोर साळंत शिकली, आता अडाणी आईम्होरं बसायची लाज वाटती तिला. इतकी वर्सं मी त्येच धरून बसले.”

तसं काही नव्हतं, असं म्हटलं असतं तर ते खोटं झालं असतं. जुन्नरला ती पोरं हसली तेव्हा मला आईचीच लाज वाटली होती.