मेलेल्या नवऱ्याची बायको

लूनताईचा नवरा लग्नाच्या आधी पाच वर्षं मेलेला होता, आणि लूनताईला तो तसाच हवा होता.

यात कुणी हसू नये. दक्षिण चीनमधल्या शुन्तकच्या रेशीमगावांत जन्मलेल्या बाईला हे समजावून सांगावं लागत नाही. लूनताईची थोरली बहीण सोळाव्या वर्षी सासरी गेली आणि सतराव्या वर्षी बाळंतपणात संपली. मधल्या वर्षात माहेरी दोनदा आली, दोन्ही वेळा रडतच. तेव्हाच लूनताईनं ठरवून टाकलं. गावात रेशमाची गिरणी होती. उकळत्या पाण्यातून कोशांचा धागा काढायचा, बोटं सोलवटायची, पण भात स्वतःचा. एकोणिसाव्या वर्षी कुन्याम देवीपुढे बसून तिनं शपथ घेतली. गिरणीतल्या वडीलधाऱ्या वानताईनं तिची वेणी सोडली, केस विंचरले आणि बाईमाणसासारखा अंबाडा घातला. जन्मात कुण्या पुरुषाची बायको होणार नाही, असं लूनताई देवीसमोर मोठ्यानं बोलली. मग लग्नाच्या वरताण जेवणावळ झाली. वडिलांनी दोन दिवस तोंड फिरवलं आणि पहिला पगार हातात पडल्यावर परत वळवलं.

पुढे रेशमाला कुणी विचारेना. गिरण्या एकामागून एक बंद पडल्या आणि शपथवाल्या बायका बोटी भरभरून हाँगकाँगला आल्या. लूनताई केन रोडवरच्या सित कुटुंबात कामाला लागली. पांढरा सदरा, काळी विजार, मानेवर घट्ट अंबाडा. सुट्टीच्या दिवशी ती वानताईनं भाड्यानं घेतलेल्या खोलीवर जायची. तिथे चौदा बहिणींच्या चौदा पेट्या होत्या. आजारी पडलं, काम सुटलं, तर अंग टाकायला हीच एक जागा.

शपथेच्या बाईचं जगणं सोपं, मरण अवघड. भावाच्या छपराखाली तिनं शेवटचा श्वास सोडायचा नाही, घराला पीडा लागते. जीव घुटमळायला लागला की तिला उचलून तुतीच्या बांधावरच्या झोपडीत नेऊन ठेवतात. मेल्यावर तिच्या नावाची लाकडी पाटी कुठल्याच घरात पितरांच्या फळीवर लागत नाही. मग सणावारी तिला भात कोण दाखवणार? भावाच्या घरावरची कौलं लूनताईच्या पगाराची. तरी भावजय एकदा चहा ओतता ओतता म्हणालीच, "वन्सं, राग मानू नका हं. पण दुखणं आलं तर इकडं येऊ नका. पोरंबाळं आहेत घरात."

लूनताईनं राग मानला नाही. राग मानून जाणार कुठं?

यावर रीतीनंच एक पळवाट ठेवलेली आहे. मेलेल्या मुलाशी लग्न करायचं. बाईला पाटी मिळते, मुलाच्या आईला सून मिळते, आणि शपथ शाबूत राहते, कारण मेलेला नवरा काय अंबाड्याला हात लावणार? शेजारच्या गावातल्या लेउंग म्हातारीचा एकुलता एक मुलगा तिन-यौ बोर्निओला लाकूडतोडीला गेला होता. पाच वर्षं पत्र नाही. मग तिकडून परतलेल्या एकानं सांगितलं की त्याला तापानं नेलं, मी स्वतः माती दिली. लूनताईचं लग्न ठरलं. नवऱ्याच्या जागी पंख बांधलेला कोंबडा उभा केला. सकाळी तिनं लाल नेसलं, दुपारी पांढरं. रीतीप्रमाणे नवऱ्यासाठी मोठ्यानं रडावं लागतं. सुरुवातीला ती नुसताच आवाज काढत होती. मग काय झालं कोण जाणे, थोरली बहीण आठवली, गिरणी आठवली, आणि खरंच रडू फुटलं. बायका म्हणाल्या, बघा तरी, न पाहिलेल्या नवऱ्यासाठी किती जीव तुटतोय.

लेउंगांच्या देवघरात फळीवर तिन-यौच्या पाटीशेजारी तिची पाटी लागली, नावावर लाल कागद चिकटवून. ती मेली की कागद काढायचा. लूनताई दर महिन्याला सासूला पैसे पाठवी आणि वर्षातून एकदा कबरी झाडायला जाई. म्हातारी गावभर सांगायची, "अशी सून सगळ्यांना मिळो. पैसे पाठवते आणि घरात दिसत नाही."

अशी सात वर्षं गेली. लूनताईच्या आयुष्यातली तीच काय ती निवांत वर्षं.

जपान्यांची लढाई पेटली त्याच्या आदल्या शरद ऋतूत, एका सकाळी ती मागच्या गल्लीत मासे साफ करत बसली होती. समोर एक माणूस येऊन उभा राहिला. वाळलेला, पिवळा, पुढचे दात नसलेला.

"कोण हवंय?" तिनं मान वर न करता विचारलं.

"मॅक लून."

"मीच ती. काय काम आहे?"

"मी लेउंग तिन-यौ."

"ते नाव घेऊ नका," लूनताई म्हणाली. "ते आमचे मालक. देवाघरी गेले."

"नाही गेलो," तो ओशाळून म्हणाला. "गेला तो दुसरा. एकाच खोपटात होतो आम्ही. ज्यानं माती दिली त्याला दिसायचं कमी."

लूनताईच्या हातातली सुरी खाली पडली. त्यानं ती वाकून उचलली, विजारीला पुसली आणि परत दिली. माणूस वाईट नव्हता, हेच तर वाईट होतं. वाईट असता तर तिनं तीच सुरी दाखवून हाकलला असता.

"घरी गेलो तर आईनं दारातूनच मूठभर तांदूळ फेकले अंगावर. म्हणाली, भुता, आलास तसा जा," तो सांगत होता. "ओळख पटल्यावर माझीच पाटी दाखवली मला. शेजारी तुझी. कोंबड्याशी लावलंस म्हणे माझ्या नावानं?" तो हसला आणि हसता हसता खोकला सुरू झाला. "मला काही नको. पण आई म्हणते, बायको असताना माणसानं स्वतः भात का शिजवायचा?"

लूनताईनं त्याला दाराबाहेर बसवून एक वाडगा भात दिला. तो जेवला आणि सासूचा निरोप सांगून गेला. नववर्षाच्या आत घरी ये. नाही आलीस तर पाटी फळीवरून काढीन. जिवंत मुलाची बायको जिवंतपणी घरात असते.

इकडे आड, तिकडे विहीर. गेली तर शपथ मोडली, नाही गेली तर बांधावरची झोपडी. ती वानताईकडे धावली.

वानताई आता सत्तरीची होती. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "भात वाढलास त्याला?"

"बाहेरच. एक वाडगा."

"ठीक. मेल्यांनाही वाढतोच आपण." तिनं पेट्यांकडे बघितलं. "लून, माझ्या मनात काही नाही गं. हे केस मीच विंचरलेत. पण जिवंत नवऱ्याची बाई या खोलीत राहायची नाही. बाकीच्या बोलायला लागल्यात. तुझी पेटी उचलायला सांगतील."

"मी काय पाप केलं?"

"पाप त्यानं केलं. जिवंत राहिला." वानताईनं सुस्कारा सोडला. "रीत आहे की आपल्यात. आपल्या जागी दुसरी द्यायची. तू थोरली, ती धाकटी. राबेल ती, निजेल ती. तुझी पाटी राहील, अंबाडाही राहील."

"दुसरी म्हणजे? कुणाची तरी पोर?"

"पोर कुणाची तरीच असते," वानताई म्हणाली.

सित घराण्यातल्या धाकट्या बाईसाहेब कॉलेजात जात, केस कानापर्यंत कापलेले. त्यांना वाटलं, यात अवघड ते काय. "लूनताई, आता कायदा झालाय. सरळ काडीमोड घ्या! बायका आता कुणाच्या बांधील नाहीत."

"मग मी मरू कुठं, छोट्या बाई?"

"म्हणजे काय? इस्पितळात!"

लूनताई हसली. लाडात वाढलेल्या पोरीवर काय रागवायचं?

शेजारच्या घरात छोय नावाची मुलगी होती. सात वर्षांची असताना विकत आणलेली, आता सतरा पुरी. उकळतं पाणी, कोळसा, धुणं, सगळं तिच्याच अंगावर. तिच्या भाजल्या हातांना लूनताई कित्येक वर्षं गल्लीत बसून तेल लावत आली होती. छोय तिला मावशी म्हणायची. अशा विकत आणलेल्या मुलींची सरकारदरबारी नोंद असे, आणि अठरा पुरी झाली की मुलगी मोकळी. छोयनं सगळं ठरवून ठेवलं होतं. पलीकडे कौलूनला विजेच्या बॅटऱ्यांचा कारखाना निघाला होता आणि तिची एक मैत्रीण तिथं लागली होती. "दिवसभर उभं राहावं लागतं मावशी, पण संध्याकाळी सुटलं की सुटलं," ती सांगायची. "माझ्या पगारात तुम्हाला पहिल्यांदा भाजलेलं बदक खाऊ घालीन."

लूनताई तीन दिवस जेवली नाही. शहरात मुलींना तोटा नव्हता, पण अनोळखी मुलगी पळून गेली म्हणजे? म्हातारी आणि तिन-यौ दोघांना सांभाळील अशी, कष्टाळू, कुणी नसलेली, आपल्यावर विश्वास ठेवणारी हवी. अशी एकच होती.

चौथ्या दिवशी तेल लावता लावता ती म्हणाली, "कारखान्याचं मला नको सांगूस, पोरी. मी दहा वर्षं काढलीत गिरणीत. एका दिवसात टाळं लागलं. घर वेगळं. स्वतःची चूल, देवघरात नाव. बाईला दुसरं काय लागतं?"

"तुम्ही तर लग्न केलं नाहीत."

"म्हणूनच सांगते. चुकलं माझं. गावाकडे एक चांगलं स्थळ आहे माझ्या माहितीत."

हे बोलताना लूनताईला स्वतःचा आवाज ओळखू आला. थोरल्या बहिणीला बघायला आलेली मध्यस्थ बाई असंच गोड बोलायची.

"कसा आहे तो?" छोयनं विचारलं.

"शांत आहे. हात उगारणार नाही." हे खरं होतं.

"वय?"

"फार नाही." हे खोटं होतं.

छोयच्या मालकिणीच्या हातात लाल पाकीट पडलं, आणि अठरा होण्याआधी मुलगी चांगल्या घरी गेली म्हणून तिनं आशीर्वादही दिला. नोंदीतल्या मुलीचं लग्न ठरलं की सरकारी बाई चौकशीला येई. ती आली. मुलीला समोर बसवून दोनदा विचारलं, "तुझी मर्जी आहे ना? कुणाचा दाब तर नाही? नसेल मर्जी तर आत्ता सांग, मी तुला इथून घेऊन जाईन."

छोयनं लूनताईकडे बघितलं. सरकारी बाईचं म्हणणं मनापासूनचं होतं, दार सताड उघडं होतं. लूनताईनं मान हलवली. हो म्हण.

"मर्जी आहे," छोय म्हणाली.

बोटीवर छोय खुशीत होती. तिनं शहराबाहेर पाऊलच टाकलं नव्हतं. बदकांचे कळप बघून तिनं टाळ्या वाजवल्या. लूनताई पाण्याकडे बघत बसली. मळमळतंय असं सांगितलं.

लेउंगांच्या घरात म्हातारीनं अंगण झाडून ठेवलं होतं. तिन-यौ नवा सदरा घालून बाकावर बसला होता आणि छातीला हात लावून खोकत होता. छोयला वाटलं, हे सासरे असतील. तिनं लवून नमस्कार केला आणि इकडे तिकडे नवऱ्याला शोधलं. म्हातारी खो खो हसली. "अगं वेडे, हाच तो!"

छोयचा चेहरा कसा झाला ते लूनताईनं पाहिलं नाही. ती फळीवरच्या पाट्यांकडे बघत होती. मुलाची पाटी जाळून झाली होती. तिची एकटी उरली होती, लाल कागदासकट.

धाकटीनं थोरलीपुढं गुडघे टेकून चहा धरायचा असतो. थोरलीनं पेला घेतला की धाकटी घरात आली. नाही घेतला, तर काही झालंच नाही, मुलगी आली तशी परत. छोय गुडघ्यांवर बसली. दोन्ही हातांनी पेला वर धरला. मान खालीच. चहा बशीत सांडत होता.

"मावशी," ती इतकं हळू म्हणाली की फक्त लूनताईलाच ऐकू यावं, "घेऊ नका."

परतीची बोट दुपारी होती. दोघी मिळून परत जाता आलं असतं. लूनताईला ते माहीत होतं, सगळं माहीत होतं. तिला बांधावरची झोपडी दिसली. त्यात तिनं एकदा एका शपथेच्या बाईला पाणी नेऊन दिलं होतं. गवतावर पडलेली, तोंडाला माश्या, आणि भाऊ बाहेर बसून वाट बघतोय. लूनताईचे हात पुढे झाले. तिनं पेला घेतला आणि पिऊन टाकला. खजूर घातलेला चहा फार गोड होता. मग रीतीप्रमाणे स्वतःच्या हातातली बांगडी काढून तिनं छोयच्या हातात चढवली, त्याच भाजलेल्या हातात. बांगडी घट्ट होत होती. लूनताईला हाताची सवय होती, तेल लावताना दाबायची तसा पंजा दाबून तिनं ती सरकवली.

"झालं!" म्हातारी म्हणाली. "आता मावशी नाही म्हणायचं. ताई म्हण."

छोयनं मान वर केली.

"ताई," ती म्हणाली.