नीवेसच्या नाकाची सावली

माझं नाव ओत्तोरीनो, पण पडद्यावर ते कधी आलंच नाही. तिथे यायचं रॉबर्ट फील्डिंग. रोमच्या माणसानं काढलेल्या भुताच्या सिनेमाला रोमचा माणूस तिकीट काढत नाही, असं आमचे निर्माते बेलार्दिनी म्हणत. आधी मला राग आला. मग म्हटलं, बरंच झालं, शिव्या पडतील त्या फील्डिंगला पडतील. एकोणतीस वर्षांत मी एकसष्ट सिनेमांचं छायाचित्रण केलं. खून, भुतं, घोड्यावरचे दरोडेखोर, पुठ्ठ्याच्या खांबांमधले पैलवान. त्यातल्या चाळिसात तरी निव्वळ पाट्या टाकल्या. धुकं कमी पडलं की सगळ्यांना सिगारेटी वाटायचो आणि फुंका म्हणायचो.

नीवेस भेटली ती या खुनांच्या धंद्यात. त्रिएस्तची पोरगी, डोळे मोठे, आवाज असा की मासळीबाजारातल्या बायकांनी वळून बघावं. प्रत्येक सिनेमात ती मरायची आणि मारायचो मी. म्हणजे खुनी समोरून येतोय असं दाखवायचं तर कॅमेरा माझ्या उजव्या खांद्यावर, आणि पुढे सुरी धरलेला, काळा हातमोजा घातलेला डावा हातही माझाच. खुन्यासाठी वेगळा नट घ्यायचा म्हटलं की बेलार्दिनींच्या पोटात कळ यायची.

त्या काळी आमच्याकडे चित्रीकरण चालू असताना आवाज घेतच नसत. संवाद नंतर दुसरंच कुणी तरी म्हणायचं. त्यामुळे नट कॅमेऱ्यापुढे वाट्टेल ते बोलत. आमचा एक नायक तर प्रेयसीचा हात हातात घेऊन "एकतीस, बत्तीस, तेहतीस" असे आकडे म्हणायचा. नीवेस मरता मरता मला सांगायची की तुझ्या शर्टाचं बटण तुटलंय, रात्री बहिणीकडे जेवायला यायचंय. हे तिनंच नंतर सांगितलं; तेव्हा मला काही ऐकू यायचं नाही. कॅमेरा कानाशी पिठाच्या गिरणीसारखा घरघरायचा. पण खरं सांगू? गिरणी नसती तरी मी ऐकलं नसतं. माझं सगळं लक्ष दिव्यांकडे.

एका गुरुवारी स्टुडिओशेजारच्या खाणावळीत, बटाट्याच्या गोळ्यांची, म्हणजे न्योकीची, ताटली पुढ्यात असताना, मी तिला लग्नाचं विचारलं.

"उद्या सांगते," ती म्हणाली.

"आजच सांग की."

"न्योकी गार होतायत. खा मुकाट्यानं."

दुसऱ्या दिवशी न्हाणीघरातला खून होता. मी सुरी घेऊन निघालो, ती मागे मागे सरकत टबापाशी गेली आणि थेट भिंगात बघून काहीतरी बोलली. बरंच बोलली. मग गप्प राहून बघत बसली. मी पुढे गेलो आणि तिला मारून टाकलं.

कॅमेरा थांबला. ती टबातून उठली आणि म्हणाली, "मग?"

"झकास," मी म्हटलं. "पण आणखी एकदा घेऊ. नाकाची सावली ओठावर पडत होती."

ती माझ्याकडे बघतच राहिली. दुसऱ्या वेळी तिनं आकडे म्हटले, हे मात्र मला नीट कळलं. आणि बाहेर पडताना म्हणाली, "माझं उत्तर देऊन झालंय. मी एकदाच देते."

माझी अक्कल तेव्हा कुठे जागी झाली. पण ते चित्रण धुऊन यायच्या आत मला घोडेवाल्या सिनेमासाठी स्पेनला जावं लागलं. तीन आठवडे मी पत्रं पाठवली, एकाचंही उत्तर नाही. परत आल्यावर रविवारी मिठाईचा पुडा घेऊन, नाक मुठीत धरून तिच्या दारात उभा राहिलो.

"लग्न करीन," ती म्हणाली, "पण त्या दिवशी काय म्हटलं होतं ते जन्मात सांगणार नाही."

शब्दाला पक्की बाई. चौतीस वर्षं संसार केला आणि कधीही वाजलं की ठरलेलं वाक्य यायचं, "तेव्हा काय म्हटलं होतं मी? आठवतंय? कसं आठवणार!" तो सिनेमा मी दुसऱ्या चित्रीकरणावर बाहेरगावी असताना आठवडाभर चालला आणि गायब झाला. बेलार्दिनीही गायब झाले, बहुधा व्हेनेझुएलात. शेवटी ती दवाखान्यात असताना मी हात जोडले. म्हटलं, आता तरी सांग. ती हसली आणि म्हणाली, "सावली बघ तू." चार दिवसांनी ती गेली.

त्यानंतर चार वर्षांनी एका फिल्म क्लबच्या पोरांचा फोन आला. त्यांना कुठल्याशा चर्चच्या तळघरात त्या सिनेमाची प्रत सापडली होती. "उस्ताद, तुम्ही आलंच पाहिजे." मला उस्ताद म्हणणारी ही पहिलीच माणसं. माझा कॅमेरा जिथे जिथे तिरका जातो, ती म्हणे माझी शैली. अरे बाळांनो, बूट घसरायचे माझे.

सुती कोट घालून जाऊन बसलो. न्हाणीघर आलं. ओठावर नाकाची सावली होती, म्हणजे पहिलंच चित्रण ठेवलं होतं. अडतीस वर्षांपूर्वीची नीवेस मागे मागे सरकली आणि कुणा घरंदाज बाईच्या आवाजात म्हणाली, "दया करा, मी काही पाहिलं नाही!" पण ओठ वेगळंच बोलत होते. चौतीस वर्षं ते ओठ मला बोलत आले होते, आता वाचायला काय अवघड होतं?

"ओत्तोरीनो, हो. करते लग्न. फक्त मी बोलत असले की तो डबा खाली ठेवत जा. आत्ता ठेव बघू."

मग ती थांबली. भिंगात बघत, ओठ जरासे हसरे ठेवून, वाट बघत राहिली. कॅमेरा तसाच पुढे आला. तिच्या डोळ्यांतलं हसू हळूहळू विझलं आणि काळा हात वर गेला. मला रडू आवरेना. शेजारच्या पोराला वाटलं, उस्ताद स्वतःच्याच कलेनं हेलावले.

दिवे लागल्यावर एक चष्मेवाली मुलगी उभी राहिली. "सर, मरायच्या आधीचे तिचे ते डोळे! असा अभिनय कसा काढून घेतलात तिच्याकडून?"

"काही नाही," मी म्हटलं. "ती बोलत होती आणि मी कॅमेरा खाली ठेवला नाही."

सगळ्यांनी ते वहीत उतरवून घेतलं.