फोकसपुरती आई

वर्षभर स्वतःवरच सिनेमा काढत बसलेल्या या बाईला शेजारीपाजारी 'दिग्दर्शिका' म्हणत, अर्धं कौतुकानं, अर्धं चेष्टेनं. कॅमेरा तिचा, दिवे तिचे, समोर बसणारीही तीच. आता स्वतःच खुर्चीत बसायचं तर कॅमेऱ्यामागून फोकस कोण जुळवणार? म्हणून दर वेळी ती आधी आईला खुर्चीत बसवी, फोकस जुळवी आणि मग आईला उठवून आपण बसे. आई कपडे शिवून देणारी. हातातलं काम घेऊनच ती येऊन बसायची.

"मला मात्र त्या सिनेमात घ्यायचं नाही हं. पुढचा दात पडलाय माझा."

"नाही गं घेत. फोकसपुरतीच बस."

सुरुवातीला एकदा बाईसाहेब रेकॉर्डिंगचं बटण दाबायलाच विसरल्या होत्या आणि पाऊण तासाचं बोलणं हवेत गेलं होतं. तेव्हापासून असा धसका घेतला की आधी बटण, मग फोकस. आईचा तुकडा नंतर कापून टाकायचा.

महोत्सवाला सिनेमा पाठवायची मुदत त्या दिवशी पाचला संपणार होती. सकाळी तिनं सगळा सलग पाहिला. पडद्यावर एक शहाणी बाई हनुवटी उचलून एकटेपणावर बोलत होती. सगळं खोटं! वैतागून तिनं मूळ चित्रण उघडलं.

पहिल्याच तुकड्यात आई सुईत दोरा ओवत होती, आणि कॅमेऱ्यामागून तिचा स्वतःचा आवाज आला, "मान वर कर ना जरा. पाठ दुखत नाही का?"

"दुखते. तुला सांगून काय उपयोग? तू डॉक्टर आहेस?"

"फोकसची आहे!"

दोघी खदखदून हसत होत्या. दिग्दर्शिका उडालीच. तिनं भराभर पुढचे तुकडे लावले. नोकरी सोडल्याचं तिनं आईला सांगितलं होतं ते कॅमेऱ्यामागूनच. भांडली होती तिथूनच, रडलीही होती तिथूनच. "अगं, मी इथे आहे!" ती रिकाम्या खोलीत ओरडली. जेवणाची शुद्ध कुणाला? तीनपर्यंत तिनं नवा सिनेमा जोडला. त्यात ती एकदाही दिसत नव्हती, नुसती ऐकू येत होती, आणि आजवर इतकी खरी ती कधीच वाटली नव्हती.

पण शब्द दिला होता. तिनं आईला हाताला धरून आणून बसवलं.

"तू नाही म्हणालीस तर नाही पाठवणार," ती म्हणाली.

आईनं तोंडावर पदर धरूनच पाहायला सुरुवात केली. हळूहळू पदर खाली आला. सिनेमा संपला तेव्हा साडेचार झाले होते.

"मी धूसर असते, मग लगेच स्पष्ट दिसते. म्हणजे तुझं काम झालं ना?"

"हो."

"मग त्यानंतर एवढा एवढा वेळ बसवून का ठेवायचीस?"

हे तिच्या ध्यानातच आलं नव्हतं. "बरं वाटायचं गं," ती कशीबशी म्हणाली.

"आणि मला वाटायचं, माझ्याशी बोलायला तुला वेळच नसतो." आईनं डोळे पुसले. "पाठव लवकर, पाच वाजतील."