वहीत लिहिलंय

मापुत्सोए गावातल्या जीन्स कारखान्याच्या गेटवर मी एकोणीस वर्षं काढली. राखणदाराला कोणी मोजत नाही. म्हणून मीच सांगतो, म्मे मापोंत्शो, आमची मापोंत्शोबाई, जिंकली त्यात या सेखोन्यानाचा, म्हणजे माझाही हात आहे. फुशारकी म्हणा हवं तर.

ती सहा नंबरच्या लाइनीत खिसे शिवायची. शेजारच्या मशीनवरची न्थाबेलेंग वारली. आमच्याकडे माती शनिवारीच देतात, आणि नेमका त्याच शनिवारी मॅनेजरने ओव्हरटाइम लावला. मापोंत्शोने शुक्रवारीच तोंडावर सांगितलं, "अकरा वर्षं तिच्या कोपराला कोपर लावून बसले. तिला पोचवायला मी जाणार." बाकीच्या मान खाली घालून शिवत राहिल्या. सोमवारी हिच्या हातात काढून टाकल्याचा कागद पडला.

मंगळवारी पावणेसातला बाई गेटवर हजर. अंगात कामाचा निळा झगा, खिशात धागे कापायची कातर.

"खोत्सो, न्ताते. कामाला आले."

तिला आत घ्यायचं नाही, तिच्याशी बोलायचंही नाही, असा हुकूम होता. पण कोणी समोर येऊन न्ताते, बाबा अशी हाक मारतंय, शांती असो म्हणतंय आणि आपण तोंड फिरवायचं? माझ्या आईने मला तसं वाढवलं नाही.

"खोत्सो, म्मे. आत सोडता येत नाही."

"बरं. तसं लिहा."

लिहायला तर मॅनेजरनेच सांगितलं होतं. ही बाई गेटवर काय काय करते ते सगळं वहीत उतरव, म्हणाला होता. मी उतरवलं. भोंगा झाला की ती कारखान्याच्या जाळीबाहेर चूल मांडून माक्वेन्या तळायची. जेवणाच्या सुट्टीत सहा नंबरच्याच बायका जाळीतून हात घालून ते गरम पिठाचे गोळे घ्यायच्या, आणि तिच्या नजरेला नजर देत नसत. दुसऱ्या दिवशी पावणेसातला पुन्हा तेच, "कामाला आले." डोंगरावर बर्फ पडलं तेव्हाही ब्लँकेट पांघरून आली. चौदा महिने हे चाललं.

मध्ये कंपनीने तीन महिन्यांचा पगार देऊ केला, विषय मिटवा म्हणून. मी म्हटलं, "घ्या की, म्मे. पोरांच्या फिया तरी भरून होतील."

ती माझ्यावरच उखडली. "घेतले की न्थाबेलेंगच्या मातीला जाणं हा माझा गुन्हा ठरला! मला इथे उभी राहिले त्या एकेका दिवसाचा पगार हवाय, न्ताते. त्या दिवशीही मी कामगारच होते, हे त्यांनी पैसे मोजून कबूल करायचं."

खरं सांगायचं तर मला माझीच लाज वाटली.

प्रकरण लवादापुढे उभं राहिलं. युनियनच्या लेबोनाने आदल्या दिवशी तिला बजावलं, माक्वेन्याचं नाव काढू नका, कमाई दिसली तर मागचा पगार कापतील.

"अख्ख्या गेटने खाल्लेत, खोटं कोणाला सांगू?" ती म्हणाली. "तुमच्याकडूनच चार गोळ्यांचे पैसे यायचेत."

आणि लवादाच्या बाईंनी विचारताच तिने सांगून टाकलं. "हो, तळले. त्यातून जे पैसे सुटले ते वजा करा."

कंपनीचा वकील खूश झाला. हिला नोकरी नकोच होती, हिचा धंदा जोरात होता, म्हणाला. आणि पुरावा म्हणून माझी वही काढली. शहाण्याने माक्वेन्याच्या ओळींखाली तेवढ्या रेघा मारल्या होत्या, वरचं वाचलंच नव्हतं. अक्षर ओळखायला मला उभं केलं.

"तुम्हीच वाचा," बाई मला म्हणाल्या. "पहिल्या पानापासून."

मी वाचलं. "पावणेसात. म्मे मापोंत्शो आली. म्हणाली, कामाला आले. आत घेतलं नाही." पान उलटलं. "पावणेसात. म्मे मापोंत्शो आली." पुढचं पान, त्याच्या पुढचं. वकील म्हणाला, पुरे. बाई म्हणाल्या, चालू द्या. घसा कोरडा पडला तरी मी थांबलो नाही. आयुष्यात माझं लिहिलेलं कोणी इतकं कान देऊन ऐकलं नव्हतं.

मॅनेजर डोळे वटारून बघत होता. मी म्हटलं, "साहेब, सगळं लिही असं तुम्हीच म्हणाला होतात ना?"

निकाल लागला. कामावर परत घ्यायचं, आणि माक्वेन्याची कमाई वजा जाता चौदा महिन्यांचा पगार द्यायचा.

पुढच्या सोमवारी ती आली. "खोत्सो, न्ताते. कामाला आले." मी गेट सताड उघडलं, तर बाई जागची हलेना.

"आधी लिहा."

मी लिहिलं, "आत घेतलं." मग ती आत गेली. मला रडू आलं, लपवत नाही.

पगार हातात पडताच तिने सगळ्यात आधी न्थाबेलेंगच्या कबरीवर बसवायला दगड घडवून घेतला. दगड बसवायचा दिवसही शनिवारच. मॅनेजरने पुन्हा ओव्हरटाइम लावला होता.

सात वाजले, भोंगा झाला, सहा नंबरच्या लाइनीत एकही मशीन वाजेना. मॅनेजर धापा टाकत गेटवर आला.

"कुठे मेल्या सगळ्या?"

मी वही त्याच्यापुढे सरकवली. "लिहिलंय, साहेब."