माझ्या बापाच्या नावाचा अर्थ

"काका, तमारा नामनो अर्थ शुं?" शेठच्या सुनेने विचारलं.

माझ्या बापाने हात जोडले आणि सांगितलं, "उकरडो."

अख्खं दुकान हसलं.

सुरतच्या कापड मार्केटातलं साड्यांचं दुकान. शेठच्या नातवाचं नाव ठेवलं होतं त्या दिवशी. पांढऱ्या गादीवर घरची माणसं, खाली आम्ही नोकर. प्रत्येकाच्या हातात केसर-पिस्ता आइस्क्रीम. बाळाचं नाव रियान. सुनेने ते मोबाइलवर शोधलेलं. कुठल्या तरी लांबच्या देशातलं नाव, अर्थ म्हणे छोटा राजा. तो देश कुठला ते तिला सांगता आलं नाही. तेव्हा कोणी हसलं नाही. सगळे म्हणाले, वाह. मग तिला खेळ सुचला. एकेका नोकराने आपल्या नावाचा अर्थ सांगायचा.

माझ्या बापाचं नाव उखर्डू. आमच्या खानदेशात उकिरड्याला उखर्डा म्हणतात. आबांच्या, म्हणजे माझ्या बापाच्या, आधी आजीची तीन लेकरं गेली. हे चौथं जन्मलं तेव्हा आजीने त्याला उखर्ड्यावर नेऊन ठेवलं. शेजारणीने उचललं. आजीने सूपभर ज्वारी देऊन तिच्याकडून परत घेतलं. टाकून दिलेलं पोर यम कशाला नेईल? आबा जगले. नाव राहिलं.

हे सगळं आबांनी त्या दिवशी सांगितलं. हसत सांगितलं. उखर्ड्यावर कसं ठेवलं ते हातांनी करून दाखवलं. सून म्हणाली, "फरीथी बोलो ने, काका, व्हिडिओ उतारुं छुं." आबांनी पुन्हा केलं. पहिल्यापेक्षा जास्त हावभाव करून. शेठचं पोट गदगदा हलत होतं.

आणि मी हसले.

मी त्याच दुकानात कॉम्प्युटरवर बिलं करायचे. माझ्या बाजूच्या मुलीने मला कोपर मारलं, "तेरे पप्पा कॉमेडी हैं." मी हसले. खरंच हसू आलं म्हणून नव्हे, मी व्हिडिओत वेगळी दिसू नये म्हणून. मग मार्केटच्या संडासात जाऊन सगळं आइस्क्रीम ओकले. तोंडात पिस्त्याची आंबूस चव. ती आजही जिभेवर येते. शेठची किळस आली, बापाची आली. सगळ्यात जास्त माझी.

कारण ही माझी पहिली वेळ नव्हती. शाळेपासून मी बापाचं नाव लपवत आले होते. फॉर्मवर नुसतं यू. कोणी विचारलं तर उमेश.

लिंबायतला घरी आलो. आबा निवांत जेवायला बसले. मी ताटावर बसले नाही. आबांनी विचारलं, "काय व्हयनं तुले?"

"तुम्ही परत का करून दाखवलं?"

"हासनात ते हासनात. आंगले काय भोकं पडनात का?"

वीस वर्षं साड्यांच्या घड्या घालून वाकलेला माणूस. त्याच्या अंगाला भोकं पडली होती. त्याला दिसत नव्हती.

पुढच्या आठवड्यात शेठने सगळ्यांसाठी नावाचे बिल्ले करायला सांगितले. बाहेरगावची मोठी गिऱ्हाइकं येतात, नोकर नावानिशी दिसले पाहिजेत. यादी त्याने मला तोंडी सांगितली. आबांच्या नावाशी आला आणि म्हणाला, "उखर्डू नहीं चालेगा. साडी की दुकान है. रमेश लिख."

मी मान डोलावली. लाज वाटते सांगायला, पण मनात बरंसुद्धा वाटलं. रमेश. किती स्वच्छ नाव.

बिल्ल्यांसाठी सगळ्यांची आधार कार्डं गोळा केली. पार्सलं बांधणारा राजू, पन्नाशीचा, उत्तर प्रदेशातल्या बलियाकडचा. त्याच्या कार्डावर राजू नव्हतंच. घुरहू लिहिलेलं. मी विचारलं, हे काय?

"हमारे यहाँ घूर बोलते हैं. जहाँ गोबर फेंकते हैं. माई ने वहीं सुलाया था, बचने के लिए." मग म्हणाला, "राजू तो शेठ ने रखा. पूछा नहीं."

मी कार्ड हातात धरून बसून राहिले. बलिया कुठे, खानदेश कुठे. दोन बाया, एकमेकींचं तोंड न पाहिलेल्या, आपापलं तान्हं घेऊन एकाच जागी गेल्या होत्या. ते नाव म्हणजे घाण नव्हती. मुलाला जगवायला आईने केलेली लबाडी होती ती, साक्षात यमाशी.

शेठचे कागद माझ्याच कपाटात असायचे. शेठच्या बापाचं नाव काय असेल म्हणून त्याच्या पॅन कार्डाची झेरॉक्स काढून वाचली. कचराभाई. दुकानात गादीमागच्या भिंतीवर हार घातलेल्या फोटोतला म्हातारा. सगळे त्याला दादाजी म्हणायचे. दुकानाच्या पाटीवर नुसतं 'के'.

घरी आबांना विचारलं, तुम्हाला ठाऊक होतं?

"माहीत शे माले. म्हातारानीच माले कामले ठेवं. नाव आयकीसन हासना. म्हने, तू न मी एकच उखर्डाना."

"मग त्या दिवशी बोलला का नाहीत?"

आबा हात धुवायला उठले. "त्या शेठ शेतस, बाई." ते शेठ आहेत, एवढंच.

म्हणजे नातवाच्या बारशाला शेठ आपल्याच बापाच्या फोटोखाली बसून पोट हलवत होता. माझं अंग शिसारीने भरून गेलं.

मी बिल्ले छापले. उखर्डू. घुरहू. ठळक अक्षरात.

शेठने बिल्ला टेबलावर आपटला. "रमेश बोला था ना?"

मी उभी राहिले. म्हणाले, "शेठ, कचराभाईनो अर्थ शुं थाय?"

शेठने एकदा भिंतीकडे पाहिलं. मग हळूच म्हणाला, "ए वात जुदी छे."

"काय वेगळी? तुमच्या आजीने केलं तेच माझ्या आजीने केलं. तुमच्या बापाला हार आणि माझ्या बापाचा व्हिडिओ?"

"काल थी ना आवती," शेठ म्हणाला. उद्यापासून येऊ नकोस.

आबा धावत आले. माझ्यासाठी नाही. शेठपुढे हात जोडून उभे राहिले, पोरगी लहान आहे, समजत नाही. शेठने घुरहूला विचारलं, बोल, तुझं नाव काय? तो खाली बघत म्हणाला, "राजू ही ठीक है."

मी एकटीच बाहेर पडले.

आता सुरतजवळच्या इच्छापोरला एका कारखान्यात ठेक्यावर आहे. पहिल्याच दिवशी वडिलांचं नाव पूर्ण लिहिलं. फॉर्म घेणारी बाई हसली, "ये कैसा नाम है?" मी अर्थ सांगितला. मग तिच्या आज्याचं नाव विचारलं. ती चिडली. मी खिडकीसमोरून हलले नाही. शेवटी तिने सांगितलं.

आबा अजून त्याच दुकानात जातात. रमेश होऊन. घरी येताना जिन्यात बिल्ला काढून खिशात घालतात, म्हणजे मला दिसू नये. मला माहीत आहे. आई म्हणते, तुझ्यासाठी एवढं करतो ना, सोड आता.

सोडणार नाही. खिशात घातलेला बिल्ला मला पुरत नाही. तो छातीवर लावायलाच त्यांनी नकार दिला पाहिजे, शेठच्या तोंडावर, सगळ्या दुकानासमोर. तोवर मी माझ्या बापाशीसुद्धा भांडणार आहे. रोज.