भाऊजींच्या दाव्यात मीही प्रतिवादी
संस्थानं विलीन झाली तेव्हा माझे भाऊजी, म्हणजे माझ्या अक्काचे यजमान, देवासच्या दरबारी महसूल कचेरीत होते. नव्या राज्यात त्यांना फाजील ठरवून घरी बसवलं. मी धारला शाळेत शिकवत होतो.

काही वर्षांनी नायब तहसीलदारांच्या जागा निघाल्या. जाहिरातीत मॅट्रिकची अट होती, अनुभव असल्यास उत्तम. आम्ही दोघांनीही अर्ज केले. मुलाखतीचं बोलावणं मला आलं, भाऊजींना नाही. अर्ज फार आले म्हणून निवड करणाऱ्या साहेबांनी परस्पर ठरवलं होतं की फक्त बी.ए. झालेल्यांनाच बोलवायचं.

मी देवासला गेलो. भाऊजी शांत होते. म्हणाले, "तू मनाला लावून घेऊ नकोस. पण बाहेर एक छापायचं आणि आत दुसरंच करायचं, हे मी सोडणार नाही."

त्यांनी इंदूरच्या हायकोर्टात रिट केली. बोलावलेल्यांची यादी रद्द झाली तर ज्यांचं नुकसान होईल, त्यांनाही प्रतिवादी करावं लागतं, असं वकील म्हणाले. म्हणून बेलिफ नोटीस घेऊन माझ्या वर्गाच्या दारात उभा राहिला. "भिया, यहाँ दस्तखत कर दो." हेडमास्तर लांबून बघत होते. त्या दिवसापासून ते माझ्याशी कामापुरतंच बोलू लागले.

मग देवासला कचेरीतला एक ओळखीचा बाबू अक्काकडे चहाला आला. "साहब को सब मालूम है, बाई. अर्जी वापस ले लें तो अच्छा."

"आणि नाही घेतली तर?" अक्कानं विचारलं.

तो नुसता हसला, टोपी घालून निघून गेला. पुढच्याच आठवड्यात भाऊजींचं कापसाच्या जिनिंग कारखान्यातलं तात्पुरतं काम सुटलं. कारण कोणी सांगेना. गणपतीत आमचीच मंडळी त्यांच्या शेजारची जागा सोडून बसली.

भाऊजी हटले नाहीत. निकाल त्यांच्या बाजूनं लागला. अर्ज जास्त आले तर थोड्यांना बोलवायला हरकत नाही, पण छापलेली अट मागाहून बदलता येणार नाही, असं कोर्टानं म्हटलं. यादी रद्द झाली. माझं बोलावणंही गेलं. कोर्टाच्या पायऱ्यांवर भाऊजींनी माझा हात घट्ट धरला. मला आनंद झाला.

छापलेल्या अटीवर नव्यानं मुलाखती झाल्या, आम्हा दोघांनाही बोलावणं आलं. समोर तेच साहेब. भाऊजी आत गेले आणि लगेच बाहेर आले.

"काय विचारलं?"

"एवढंच, की आता पुढची केस कधी करणार."

मी निवडला गेलो, ते नाही. वकिलांनी मान हलवली. मुलाखतीतले गुण साहेबांच्या हातात, त्याला कोर्ट काय करणार? भाऊजी पुढे त्याच वकिलांकडे मुन्शी झाले, आणि नोकरीवरून उठवलेल्यांचे अर्ज लिहू लागले.

माझी नेमणूक सरदारपूरला झाली. पहिल्याच दिवशी तिथल्या साहेबांनी माझे कागद चाळले. "देवासवाले वो मुकदमेबाज आपके कौन लगते हैं?"

"बहनोई," मी म्हणालो.

त्यांनी पेनाला टोपण लावलं. "बैठिए," म्हणाले, आणि माझे कागद बाजूला सरकवले.

माझ्याबरोबरचे सगळे कायम झाले. मी तात्पुरताच राहिलो, कधी सरदारपूरला, कधी नालछ्याला. का, ते मी कधी विचारलं नाही.