रॉकेलचा डबा

आमच्या रस्त्यावरच्या सरकारी दवाखान्यात कंपाउंडर रोग्याला नावाने हाक मारत नसे, रोगाने मारी. "टीबीवाले, पुढं या." ओसरीवर मुळशीपासून पिरंगुटपर्यंतची माणसं बसलेली. कोण उठतंय ते सगळे बघत, आणि उठणाऱ्याच्या शेजारचा हळूच सरकून बसे.

माझं तेव्हा डोकं फिरायचं. वय बावीस, खांद्याला पत्रकांची पिशवी. 'रोग्याचा रोग म्हणजे दवंडी नव्हे' असा मथळा देऊन मी एका बैठकीत पत्रक लिहून टाकलं. संघटनेत आम्हाला शिकवलेलं होतं: पत्रकात मागणी एकच हवी आणि उदाहरण जिवंत हवं. उदाहरण मला त्याच ओसरीवर मिळालं.

ती एका घरची सून. गावाचं नाव सांगत नाही. नवरा पिरंगुटच्या कारखान्यात, पदरात तान्हं पोर. आठवड्यातून दोनदा टीबीची सुई घ्यायला यायची, आणि घरी सांगायची, रॉकेलच्या रांगेला जाते. हातात डबा. कधी भरून न्यायची, कधी 'संपलं म्हणाले' सांगून सासूची बोलणी खायची. हे तिने मला विश्वासाने सांगितलं. मी तिचं नाव छापलं नाही, गावही नाही. डबा छापला. त्या वाक्यावर मी खूष होतो.

पत्रकं पिरंगुटच्या स्टँडवर वाटली. त्यातलं एक नवऱ्याच्या खिशातून घरी गेलं.

पुढच्या खेपेला ती मोकळ्या हाताने आली. म्हणाली, "दादा, नाव न्हाई घातलं तुमी. डबा कशापायी घातला?"

सासूने विचारलं होतं. हिने पोराची शपथ घेऊन ती मी नव्हे म्हटलं होतं. शपथ खोटी ठरली तर हिची रवानगी माहेरी आणि पोर सासरी, हे सासूने आधीच बोलून ठेवलेलं. दुसरं पत्रक काढून खुलासा करावा तर ती दुसरी दवंडी. घरी जाऊन सांगावं तर मी का आलो, हाच पुरावा.

"कागद खोटा हाय म्हना," ती म्हणाली. "लोकांत म्हना."

म्हटलं. कारखान्याची पाळी सुटताना, स्टँडवर, तिच्या नवऱ्याच्या कानावर पडेल असं. डब्याची बाई मी मनानेच रचली, म्हणालो. लोक हसले. दवाखान्यातल्या साहेबांनी तेच धरलं आणि पत्रकासोबत दिलेला आमचा तक्रारीचा अर्ज परत केला. रचलेल्या बाईची कसली तक्रार?

तिचं घर राहिलं. पण आता कुठलाही डबा घेऊन तिला उंबरा ओलांडता येईना. दोन खेपा मी ओसरीवर वाट पाहिली. तिसऱ्या खेपेला कंपाउंडरने कार्डं चाळली, एक वर काढलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं मला विचारलं, "काय पुढारी, तुमची डबेवाली कुटं ऱ्हायली? सुया चुकल्यात तिच्या."

ओसरी माझ्याकडे बघत होती.

"तशी बाई कुणी नव्हतीच," मी म्हणालो.